न वाचलेला हुकूम

आमच्या एन्कहाउझन बंदरात कमांडर सीवेर्त औटगर्स यांचं नाव ठाऊक नाही असा माणूस सापडणार नाही. माझ्या लेखी मात्र ते आधी माझे दाजी. माझी थोरली बहीण आख्ते त्यांना दिलेली, आणि त्यांच्या जहाजावर मी एकोणीस वर्षं सुतार होतो. त्यामुळे लोक मला त्यांच्याबद्दल विचारतात. बहुतेकांनी गोष्ट उलटीच ऐकलेली असते.

दाजी हेरिंग धरणाऱ्यांच्या घरातले. नवव्या वर्षी बापाबरोबर बोटीवर गेले आणि माशांची आतडी काढून त्यांना मीठ भरायला शिकले. शाळेत बसायचं वय तिथेच सरलं. विशीत नॉर्वेहून लाकूड आणणाऱ्या जहाजावर लागले, तिशीत त्याच जहाजाचे कप्तान झाले. शिशाच्या वजनाला चरबी फासून तळाची वाळू वर काढायचे, चिमूटभर जिभेवर ठेवायचे आणि धुक्यात सांगायचे, "टेक्सल बेट डाव्या हाताला. अर्ध्या तासात घंटा ऐकू येईल." आणि यायची. नकाशा कळायचा, आकडे कळायचे. अक्षर मात्र एक कळत नव्हतं.

हे आम्हा तिघांनाच माहीत होतं: आक्काला, मला आणि जहाजाचा कारकून पौवेल्स याला. आक्का आणि मी शाळामास्तरची पोरं. ती पुस्तकात रमली, मी रंधा धरला. देवळात दाजी स्तोत्रांचं पुस्तक उघडं धरून उभे राहायचे आणि शेजाऱ्याने पान उलटलं की आपलं उलटायचे. जहाजावर कागद आला की म्हणायचे, "पौवेल्स, खारट वाऱ्यानं डोळे चुरचुरताहेत. वाच रे." पौवेल्स वाचायचा. सगळ्या कप्तानांचे डोळे चुरचुरतातच, कुणाला काही वाटलं नाही.

इंग्रजांशी दुसऱ्यांदा युद्ध जुंपलं तेव्हा आरमाराला कप्तान कमी पडले. दाजींना लढाऊ जहाज मिळालं आणि वर्षभरात ते पाच जहाजांच्या तुकडीचे कमांडर झाले. त्या जूनमध्ये आम्ही लाकूड आणि धान्य भरलेली तीस व्यापारी जहाजं घेऊन परतत होतो. सकाळी आठच्या सुमाराला इंग्रजांची बारा जहाजं दिसली. दाजींनी व्यापाऱ्यांना किनाऱ्याच्या उथळ पाण्याकडे पिटाळलं आणि आमची पाच जहाजं मध्ये आडवी घातली.

पहिल्याच तासात एका गोळ्यानं पौवेल्स गेला. मी खाली कमरेइतक्या पाण्यात भोकं बुजवत होतो, म्हणून पुढचं मला दुसऱ्यांकडून कळलं. आरमारप्रमुखांकडून एक हलकं जहाज धावत आलं, माणूस शिडीवरून चढला आणि दाजींच्या हातात लिहिलेला हुकूम दिला. दाजींनी तो उघडला, वरपासून खालपर्यंत पाहिला, घडी घातली आणि कोटाच्या खिशात ठेवला.

"काय सांगू जाऊन?" त्या माणसानं विचारलं.

"सांग, मिळाला."

आम्ही दुपारी दीडपर्यंत तिथेच उभे राहिलो. व्यापारी जहाजं उथळ पाण्यात शिरली, मग वारा फिरला आणि इंग्रज निघून गेले. आमच्या एकट्या जहाजावर त्रेचाळीस माणसं गेली. त्यातली एकतीस आमच्या गावची.

गावी पोचेपर्यंत गोष्ट आमच्यापुढे पोचली होती. त्या हुकुमात माघारी फिरायला सांगितलं होतं, हे निरोप्याकडून सगळ्यांना कळलेलं. छापील पत्रकं निघाली: वरिष्ठांचा हुकूम खिशात घालून लढलेला सिंह. लाकडाच्या व्यापाऱ्यांनी सोन्याची साखळी दिली. धक्क्यावर बायाबापड्या त्यांच्या कोटाला हात लावत होत्या. दाजी कुणाशी धड बोलले नाहीत. लोकांना वाटलं, माणूस नम्र आहे.

सोमवारी, कपडे धुवायच्या दिवशी, आक्कानं कोटाचे खिसे रिकामे केले. मी चुलीपाशी बसलो होतो. दाजी ताकातली जवाची पेज खात होते. आक्कानं कागद उलगडून वाचला आणि त्यांच्याकडे पाहिलं.

"अहो, हे कुणी वाचून दाखवलं होतं तुम्हाला?"

"कुणी नाही."

"पौवेल्सनं?"

"पौवेल्स आधीच गेला होता."

"मग लेफ्टनंट होता ना? त्याला येतं की वाचता."

"होता. वीस पावलांवर."

"मग?"

दाजींनी चमचा खाली ठेवला. "सगळे माझ्याकडे बघत होते, आख्ते. कमांडर कागद दुसऱ्याला वाचायला देतो, हे त्या वेळी नाही जमलं मला. लाऊतला तरी खाली हाक मारता आली असती. तेही सुचलं होतं. नाही मारली." लाऊत म्हणजे मी.

मग आक्काला म्हणाले, "वाच. काय लिहिलंय ते नीट ऐकू दे."

आक्कानं वाचलं. लढाई तोडावी, पाचही जहाजांनी तत्काळ मुख्य आरमाराला येऊन मिळावं, व्यापाऱ्यांनी आपापलं पाहावं. चारच ओळी होत्या.

मी विचारलं, "दाजी, वाचलं असतं तर निघाला असता का?"

"तेच तर मला आता कधी कळायचं नाही," ते म्हणाले. पेज तशीच राहिली.

आठवड्यानं चौकशी झाली. आरमाराच्या कारभारातले पाच गृहस्थ बसले होते. ते दाजींवर फारसे रागावलेले नव्हते, कारण गाव दाजींच्या बाजूनं होतं. मुख्य गृहस्थ मऊपणानं म्हणाले, "कमांडर, हुकूम वाचूनही तुम्ही थांबलात. कारण एवढं सांगा, म्हणजे लिहून घेतो आणि प्रकरण मिटवतो."

"मी वाचला नाही."

"गडबडीत वेळ मिळाला नसेल."

"वेळ होता. मला वाचता येत नाही."

मागच्या बाकावर कुणी हसलं. मुख्य गृहस्थांना चेष्टा वाटली. त्यांनी टेबलावरचं स्तोत्रांचं पुस्तक दाजींपुढे सरकवलं. दाजींनी ते हातात घेतलं नाही. शेवटी जबानीखाली त्यांनी नांगराची खूण काढली. आजवर लोक ती खूण म्हणजे खलाशाची ऐट समजत होते.

कमांडरकी गेली. साखळी व्यापाऱ्यांनी परत घेतली नाही. त्यांच्यातला एक म्हातारा म्हणाला, "त्याला वाचता आलं नाही म्हणून आम्ही वाचलो. आम्ही कशाला मागायची?" हे बोलणं गावभर झालं. मासळी बाजारात बायका दाजींना चिडवायच्या. एकीनं हेरिंग समोर धरला. "कमांडर, सांगा बघू, यावर काय लिहिलंय?"

दाजींनी मासा हुंगला. "परवा धरलाय असं लिहिलंय," म्हणाले आणि पुढे गेले. त्या दिवशी तिचा मासा कुणी घेतला नाही.

पण दाजींच्या डोक्यात ती एकतीस घरं होती. प्रत्येक घरी जाऊन खरं सांगायचं, असं त्यांनी ठरवलं. पहिल्यांदा गेले दीवरकडे. तिचा नवरा वाउटर आमच्याकडे तोफेवर होता. मी बरोबर गेलो होतो. तिनं स्टूल दिलं, बियर दिली. दाजींनी टोपी मांडीवर ठेवून सगळं सांगितलं, काही राखलं नाही.

दीवरनं शेवटपर्यंत ऐकलं. मग म्हणाली, "म्हणजे माझा माणूस तुमच्या लाजेपायी गेला."

"असेल. हो."

"बाजारात काहीही बोलोत, आत्तापर्यंत माझ्यापुरता तो तीस जहाजं वाचवताना गेला होता. मी पोरींना तसंच सांगितलंय." ती उठून उभी राहिली. "तुम्ही इथे येऊन तुमचं ओझं उतरवलंत, कमांडर. ते मी कुठे ठेवू?"

दाजींनी टोपी उचलली. आम्ही निघालो तेव्हा तिनं दार लावलं नाही, नुसती पाठ फिरवली.

दुसऱ्या दिवशी ते पुढच्या घरी गेले, पण आता दारातच विचारायचे, "चौकशीत मी जे बोललो ते माझ्या तोंडून ऐकायचंय का?" बरेच जण हो म्हणाले. दोघांनी शिव्या दिल्या. एका म्हाताऱ्यानं जेवायला ठेवून घेतलं. नऊ घरांनी नको म्हटलं, तिथून ते नमस्कार करून परत फिरले. यात सहा आठवडे गेले.

त्या हिवाळ्यात त्यांनी आक्काला शिकवायला सांगितलं. वय शेहेचाळीस. जेवणाच्या टेबलावर पाटी घेऊन बसायचे. जाडजूड बोटं, खडू मोडायचा. आक्का बापासारखीच कडक मास्तरीण होती.

"ढगाआडचा वारा ओळखता, आणि समोरचं अक्षर ओळखू येत नाही?"

"वारा अंगाला लागतो गं. हे नुसतं बघत बसतं."

"मग तुम्हीही बघत बसा. उठायचं नाही."

दोन हिवाळे लागले. शेवटी वाचायला लागले ते बोट फिरवत, ओठ हलवत, आणि तसेच वाचत राहिले. घाईनं वाचायला त्यांना कधी आलं नाही.

तिसरं युद्ध आलं तेव्हा त्यांना परत बोलावलं. तुकडी दिली नाही, एकच जहाज दिलं. मीही गेलो. पहिल्याच दिवशी त्यांनी अधिकाऱ्यांना मागच्या डेकवर उभं केलं आणि सांगितलं, की इथे आलेला प्रत्येक हुकूम मोठ्यानं वाचला जाईल. एकदा ते वाचतील, एकदा लेफ्टनंट. लेफ्टनंट चांगल्या घरातला तरुण होता. तो जरासा हसला. महिन्याभरात गोळीबार चालू असताना एक हुकूम आला. दाजींनी बोट फिरवत तिसऱ्या ओळीपर्यंत वाचलं आणि थांबले.

"हा शब्द मला कळत नाही," ते सगळ्यांसमोर म्हणाले. "तुम्ही सांगा."

लेफ्टनंटनं कागद घेतला, पाहिला. "साहेब, मलाही लागत नाही. अक्षर घाणेरडं आहे."

माणूस परत पाठवून तो शब्द विचारून आणला. शब्द 'पूर्व' होता. आम्ही पूर्वेकडे गेलो. त्या दिवशी आमची चार माणसं गेली आणि दाजींच्या गुडघ्यात लाकडाची ढलपी घुसली. त्यानंतर ते काठी घेऊन चालायचे.

युद्ध संपल्यावर त्यांनी समुद्र सोडला. बंदरात जहाजांना वाट दाखवणाऱ्या तरंगत्या पिंपांची देखरेख त्यांच्याकडे आली, ती त्यांनी नऊ वर्षं केली. एकसष्टाव्या वर्षी, फेब्रुवारीत, छातीत कफ भरून गेले. तेव्हा बंदर गोठलेलं होतं, म्हणून आम्ही शवपेटी घसरगाडीवर ठेवून बर्फावरून देवळापर्यंत ओढत नेली. मी पुढे होतो. आक्का मागे पेटीला हात लावून चालत होती, आणि आम्ही जोरात ओढलं की म्हणायची, "हळू रे, हळू. घाई नाहीये."