कुलूपरावांचा निकाल

बँकेत त्यांना सगळे कुलूपराव म्हणत. हेड कॅशियर म्हणून तिजोरीची एक किल्ली त्यांच्याकडे असायची, पण हे नाव पडलं ते तोंडामुळे. चार शब्द बोलायचे झाले तर तीन गिळणार. असा माणूस घरात कितीही चांगला असो, चौकशी समितीसमोर त्याचं काही खरं नसतं.

तिजोरीला दोन किल्ल्या. दुसरी अकाउंटंटकडे. दोन्ही एका हातात जाता कामा नयेत, हा बँकेतला पहिला नियम, आणि सर्रास मोडला जाणाराही तोच. मुलांची शाळा, दाताचा डॉक्टर, काहीही निघालं की लोक आपली किल्ली जोडीदाराच्या हातावर ठेवून सटकत. कुलूपराव मात्र रोजच सटकू लागले. त्यांची चार वर्षांची मुलगी तापाने गेली होती, तीही ऐन दिवेलागणीला. तेव्हापासून अंधारून आलं की बायकोला घर खायला उठायचं. एकदा ते उशिरा पोचले तर ती दिवा न लावता भिंतीशी उभी, मुलीचा मोजा मुठीत घट्ट धरून. दुसऱ्या दिवशी त्यांनी तिला सांगून टाकलं, "आता बँक लवकर सुटते."

पुढे अकाउंटंटने दोन्ही किल्ल्या लावून रोकड लांबवली. पकडला गेला, कबूलही झाला. मग किल्ली देणाऱ्याची पाळी आली. का दिलीत, असं समितीने विचारलं. कुलूपराव म्हणाले, "बसायचा कंटाळा यायचा." आता या माणसाला काय म्हणावं! पण मुलगी आपल्याच हलगर्जीपणाने गेली असं म्हणत बायको आधीच स्वतःला कोसत होती. नोकरीही आपल्यापायी गेली, हे तिला कळलं असतं तर ती खचलीच असती. म्हणून बडतर्फी पदरात घेऊन ते घरी आले आणि म्हणाले, "उगाच गोवलंय मला. कोर्टात जाऊ."

कोर्टात वर्षांमागून वर्षं गेली. कुलूपराव घरामागच्या हार्डवेअरच्या दुकानात हिशेब लिहू लागले. तिथला मालक अंधार पडायच्या आत सोडायचा. वकीलबाई दर तारखेला खरं कारण विचारायच्या आणि हे मख्ख. शेवटी त्या चिडल्या.

"काका, कंटाळ्यावर कोणी नोकरी परत देत नाही. खरं सांगा, नाहीतर दुसरा वकील बघा."

तेव्हा कुठे त्यांचा बांध फुटला. प्रतिज्ञापत्र झालं, पण बायकोला कळता कामा नये या अटीवर.

निकालाच्या दिवशी ती हट्टाने बरोबर आली. इतकी वर्षं तिला कोर्टात येऊ न देणाऱ्या कुलूपरावांना त्या दिवशी नेमकी सबब सुचली नाही. न्यायाधीशांनी कारणांसकट निकाल वाचला. मुलीचा मृत्यू, पत्नीची मनःस्थिती, तिला संध्याकाळी एकटं सोडणं अशक्य. चूक गंभीर, पण बडतर्फी अवाजवी. कामावर परत घ्यावं. वकीलबाईंनी हसून मागे वळून पाहिलं. कुलूपरावांना मान वर करवेना.

बाहेर आल्यावर ती म्हणाली, "म्हणजे बँक लवकर सुटत नव्हती."

"तसं नाही गं."

"मग कसं?"

घरी आल्यावरही ती रडली नाही, याचीच त्यांना जास्त भीती वाटली. रुजू व्हायच्या सकाळी तिने डबा हातात दिला आणि बजावलं, "आज शेवटपर्यंत थांबायचं हं. मला काही होत नाही आता."

ते थांबले. नव्या अकाउंटंटबरोबर तिजोरी बंद केली, सगळ्यांचे अभिनंदनाचे हात हातात घेतले आणि बाहेर पडले. रस्त्यावरचे दिवे लागले होते. समोरच्या बंद दुकानाच्या पायरीवर बायको बसली होती. दोन पायांत दोन वेगळ्या चपला.

"अगं, कधीची बसली आहेस?"

"आत्ताच आले," ती म्हणाली. ओठ सुकले होते, आणि बोलताना ती घाईघाईने सरकून त्यांच्यापासून लांब होत होती. "अहो, तुम्ही जा ना आत. काम राहिलं असेल. मी इथे बसते गुपचूप. आता नाही त्रास देणार."

कुलूपराव तिच्या शेजारी टेकले आणि भर रस्त्यात, बँकेतली माणसं बघत असताना, ओक्साबोक्शी रडू लागले.