समासातली आई

इथे आखातात, रुवीतल्या त्या बाइंडरचं नाव विचारायचं राहिलंच. कोकणातला होता, एवढं बोलण्यावरून कळलं. पुस्तक घेण्याआधी त्याने दोन्ही हात शर्टाला पुसले, मग पानांच्या कोपऱ्यांवरून अंगठा फिरवला.

गेल्या वर्षी वारलेल्या आईचं ते रोजच्या वंदनेचं, प्रार्थनेचं पुस्तक. "नवं कव्हर घाला, मशीनवर कडा कापून सरळ करा, खलास," मी सांगितलं.

आदल्याच दिवशी मुलीला इतिहासाच्या प्रोजेक्टमध्ये मदत केल्यामुळे माझं ज्ञान उतू जात होतं. "चारशे वर्षांपूर्वी युरोपात लोक प्रार्थनेच्या पुस्तकातच घरातले जन्म-मृत्यू लिहून ठेवायचे," मी त्याला ऐकवलं.

"असेल. पण साहेब, ह्या पुस्तकात कोणी काय लिवलंय, ते बघितलात काय?"

मी बघितलं नव्हतं. वर्षभर ते माझ्या कपाटात होतं. त्याने उघडून धरलेल्या पानाच्या अगदी कडेला पेन्सिलीने आईचं नाव होतं, एकाखाली एक, नऊ वेळा. पहिली आठ वेडीवाकडी, नववं सरळ. साठीनंतर प्रौढवर्गात जाऊन ती अक्षरं शिकली होती.

"कडा कापली तर ह्या बाई जातील. मी नाय कापणार," तो म्हणाला आणि माझ्या होकाराची वाट न बघता सुईत दोरा ओवू लागला.

मी ते पान मागे उभ्या असलेल्या मल्याळी गृहस्थांना दाखवलं. "मेरी माँ ने लिखा है." त्यांना मराठी वाचता येत नव्हतं. म्हणून मी नवव्या नावावर बोट ठेवून पुन्हा दाखवलं.