एक माणूस जास्त

योकोहामाच्या पाठीमागच्या टेकड्यांवर काल किती माणसे राहत होती आणि आज किती राहतात, हे छातीठोकपणे सांगणारा माणूस जगात एकच होता, आणि तो माझ्या नवऱ्याचा मामा होता. मी स्वतः याद्यांवर जगणारी बाई. एक यादी फ्रीजच्या दारावर, एक पर्समध्ये, आणि त्या दोन्ही शेवटच्या कधी तपासल्या याची तिसरी. पण मामांच्या वह्या पाहिल्या आणि आपण अजून किराण्याच्या पुढे गेलोच नाही, हे मला कळले. मामा पुण्याहून जपानला शिकायला आले आणि एका जपानी मुलीशी लग्न करून इथलेच झाले. नव्वदनंतर आमची कंपनीतर्फे योकोहामाला बदली झाली, त्याच सुमाराला त्यांनी डोंगर कापून वसवलेल्या एका नव्या उपनगरात घर घेतले. घर बेताचे, पण बैठकीची एक अख्खी भिंत त्यांनी काढलेल्या नकाशाने व्यापलेली. पाहुण्याला चहा मिळायचा तो नकाशा पाहून झाल्यावर.

नकाशा पेन्सिलीने काढलेला होता, कारण तिथला भूगोलच कायमचा नव्हता. सोमवारी दिसणारी टेकडी शनिवारी शेजारच्या दरीत भरलेली असे. दुधाच्या खोक्यावर असते तशी मामा नकाशावर तारीख घालत आणि मुदत संपली की खोडरबर हातात घेत. त्यांनी पत्ता सांगितला की नवा माणूस हमखास चुके. मला पहिल्यांदा बोलावले तेव्हा फोनवर म्हणाले, "स्टेशनातून बाहेर ये, गेल्या वर्षी जिथे बांबूची टेकडी होती तिथून डावीकडे वळ." मी त्या नसलेल्या टेकडीभोवती पाऊण तास फिरले. शेवटी मामीच सायकलवरून शोधायला आल्या. मामांना वाईट वाटले, पण माझ्या पायपिटीचे नाही. टेकडी गेली हे माझ्या लक्षात कसे आले नाही, याचे.

लोकसंख्येची पद्धत याहून थोर होती. दर रविवारी सकाळी खांद्याला कापडी पिशवी, कानावर पेन्सिल अशा थाटात मामा फेरीला निघत. दारावरच्या पाट्या, टपालपेट्या, छोट्या खुर्च्या लावलेल्या सायकली, मे महिन्यात मुलग्यांसाठी फडकवलेले कापडी मासे, सगळे वहीत जाई. पण त्यांचा खरा विश्वास उन्हात वाळत घातलेल्या गाद्यांवर. पाऊस उघडला की समोरच्या इमारतीच्या सगळ्या गॅलऱ्यांवर गाद्या लटकत, आणि मामा एखाद्या वैद्याने नाडी पाहावी तसे त्यांच्याकडे बघत. एकदा माझ्यादेखत म्हणाले, "तिसऱ्या मजल्यावर एक गादी कमी आहे. नवऱ्याची बदली तरी झाली असेल, नाहीतर भांडण. मंगळवारपर्यंत कळेल." मंगळवारी कळले, बदलीच होती. दुसऱ्या एका घरात इवलीशी गादी दिसली म्हणून त्यांनी त्या बाईचे रस्त्यात अभिनंदन केले. त्या बाईने तोवर सासूलासुद्धा सांगितलेले नव्हते. पुढे चार दिवस मामी शेजारणींची माफी मागत हिंडत होत्या.

अशा माणसाकडे वस्तीच्या मंडळाचे अध्यक्ष एक दिवस स्वतः चालून आले. हे गृहस्थ मूळचे शेतकरी. आज जिथे मामांचे घर आहे तिथे त्यांचे मुळ्याचे शेत होते. वस्तीसाठी नवे सभागृह बांधून होत आले होते. त्याच्या भिंतीवर लाकडी फळीवर आपल्या विभागाचा रंगीत नकाशा रंगवावा आणि खाली लोकसंख्या लिहावी, अशी त्यांची विनंती होती. मामांना त्या रात्री झोप आली नाही, असे मामींनी मला फोन करून कळवले. इतकी वर्षे पेन्सिलीने चाललेले काम पहिल्यांदाच रंगाने होणार होते. डोंगर, पायऱ्या, शाळा, बसथांबा, सगळे झाले. आकडा राहिला. वॉर्ड कचेरीचा आकडा मामांच्या आकड्यापेक्षा एकाने कमी होता.

एकाने. दुसरा कोणी असता तर सोडून देता. मामांनी तीन रविवार पुन्हा फेरी मारली. त्यांचा धाकटा लेक जपानीत पुटपुटे, "बाबा, पुरे ना आता," आणि मागोमाग चाले. मला बोलावून घेतले. मी घरवार तक्ता आखला, प्रत्येक दारापुढे खूण केली, दोनदा वरून खाली आणि एकदा खालून वर. जास्तीचा माणूस काही सापडेना. एका म्हाताऱ्या आजींवर संशय होता, पण त्या जिवंत निघाल्या आणि त्यांनी आम्हाला संत्री दिली. रविवारी उद्घाटन, आणि फळीवर आकड्याची जागा कोरी. शुक्रवारी मामा, मामी आणि मी वॉर्ड कचेरीत गेलो.

खिडकीमागची मुलगी फार नम्र होती. तिने मामांचे सगळे ऐकून घेतले, आत जाऊन आली आणि समजावून सांगितले, की त्यांचा आकडा रहिवाशांच्या नोंदवहीतून काढलेला आहे. परदेशी नागरिकांची वही वेगळी असते, ते यात धरलेले नाहीत. आणि तुमच्या विभागात तसे एकच गृहस्थ आहेत, असे म्हणून ती कमरेत वाकली.

मामांना क्षणभर काही उमगले नाही. मग त्यांनी मामींकडे पाहिले. मामींचे मराठी मामांनी शिकवलेले, त्यामुळे पुण्याचे आणि फार सावकाश.

"मला माहीत होतं, अहो. मुलांच्या शाळेसाठी कागद आणते ना, त्यात माझं नाव असतं, मुलांची असतात. तुमचं नसतं."

"मग सांगितलं नाहीस?"

"तुम्ही इतकं मन लावून सगळ्यांना मोजता. कसं सांगू?"

परतीच्या बसमध्ये मामा खिडकीशी बसले होते, पण बाहेर पाहत नव्हते. दोन नव्या इमारतींचे सांगाडे गेले. मी सवयीने मनात नोंदवले, त्यांनी नाही. उतरताना एवढेच म्हणाले, की कचेरीचा आकडा लिहितो, सभागृह सरकारी पैशातून झालंय. चूक मामांची नव्हती, कचेरीच्या वहीचीही म्हणता आली नसती. तरी मला माझा तक्ता फाडून टाकावासा वाटला. असले मी कधी करत नाही.

शनिवारी दुपारी मी डबा घेऊन सभागृहात गेले तेव्हा मामा स्टुलावर उभे होते. आकड्यातले सगळे अंक रंगवून झाले होते, शेवटचा सोडून. अध्यक्ष शेतावरचे रबरी बूट दाराशी काढून आत आले आणि ब्रश का थांबलाय म्हणून विचारले. मामांनी खाली न बघता सगळी हकीकत सांगितली. मग अध्यक्ष जे बोलले ते माझ्या मोडक्या जपानीलाही नीट कळले.

"कचेरीतलं कोणी ही चढण चढून आलेलं मला आठवत नाही. तुम्ही दर रविवारी चढता. तुमचा आकडा लिहा."

मामांनी ब्रश पुन्हा रंगात बुडवला, आणि एक अंक लिहायला माणसाला लागतो त्यापेक्षा पुष्कळ जास्त वेळ लावला.

आता त्या टेकड्यांवर इतकी वस्ती झाली आहे की त्या फळीवरचे काहीच खरे राहिलेले नाही. मामांनी स्वतःच दोनदा सुचवले, की ती काढून नवी लावू. मंडळाने दोन्ही वेळा नको म्हटले. मी तिकडे गेले की सभागृहात डोकावते. फळीवरचा शेवटचा अंक बाकीच्यांपेक्षा थोडा जाड आहे. त्यावर रंगाचे दोन हात बसलेले दिसतात.