फर्दापूरचे हंगामी डायरेक्टर

खरं बोलल्यामुळे पाहुण्याची खेप वाया गेली, तर त्याचं पाप कुणाला? मला सांगता येत नाही. अजिंठ्याला निघालेल्यांनी मात्र हे वाचून जावं.

आमच्या प्रोफेसरांचे एक हंगेरियन स्नेही औरंगाबादला आले होते. चित्रं काढून ती पडद्यावर हलवायची, गोष्टही स्वतःच लिहायची, हा त्यांचा धंदा. अजिंठ्याच्या भिंतींवरची माणसं वहीत उतरवून घ्यायची आणि त्यांना चालवायचं, एवढ्यासाठी ते इतक्या लांबून आले. घरात बी.ए. झालेली मी एकटीच, म्हणून दुभाषी मी. सोबतीला माझे वडील, अण्णा.

मोटार भाड्याची, भाडं आदल्या दिवशीच ठरवावं. फुलंब्रीला पिठलं-भाकरी छान मिळाली. पाहुण्यांनी ठेचा मुरंब्यासारखा चमच्यानं खाल्ला.

"चित्रं ऱ्हायली बाजूला, ह्येच हलायलेत," अण्णा म्हणाले.

मुक्कामाला फर्दापूरच्या डाकबंगल्यावर लेण्यांचे पहारेकरी रहमानचाचा भेटले. मी ओळख करून दिली, "हंगेरियन डायरेक्टर." चाचा एकदम अदबीनं वाकले. लगेच कोंबडी शिजली.

जेवताना त्यांनी विचारलं, "साहेब याच्या आधी कुठं होते?"

पाहुणे साबणाच्या जाहिरातींसाठी नाचरे बुडबुडे काढायचे. "साबण," ते म्हणाले. मी शब्दाला शब्द ठेवला.

"साबणाच्या खात्यात! अन् मग?"

"बुटांचं पॉलिश."

"अन् आता लेणी! लई तरक्की केली साहेबांनी!"

सकाळी लेण्यात चाचा म्हणाले, "काढा वही, साहेब. परवान्याबिगर कुणाला उतरवू देत नाय, पन हंगामी का असंना, डायरेक्टर म्हंजी आमच्या लेण्यांच्या खात्याचेच."

तेव्हा कुठं माझ्या डोक्यात उजेड पडला. अण्णा कुजबुजले, "गप ऱ्हा. होऊ दे त्याचं काम."

मला राहवलं नाही. "चाचा, हे हंगामी नव्हेत. हंगेरी नावाचा मुलूख आहे, तिथले. आणि डायरेक्टर सिनेमाचे."

चाचा ताठ उभे राहिले. "मग वही ठेवा, साहेब. बघायला मनाई नाय. कोंबडी खाल्ली ती खाल्ली."

पाहुणे दिवसभर हात मागे बांधून उभे. चाचा आरशानं ऊन आत फेकत होते. उजेड सरकला तसा भिंतीवरच्या एकीचा डोळा उजळला, मग हात, मग शेजारणीची मान.

"माझ्यावाचून हलतायत की," पाहुणे पुटपुटले.

परतीच्या वाटेवर ते गुडघ्यावर बोटानं रेघा ओढत बसले होते. अण्णा म्हणाले, "तुझं खरं त्यांना लई महाग पडलं बग."

घरी आल्यावर लेण्यांहून जास्त ते बोटच आठवत राहिलं. पाहुणे अजून महिनाभर गावात आहेत. मी परवान्याची अर्जी उर्दूत लिहिली, सरकारी कचेरीत तीच चालते. जामीन म्हणून एखादं वजनदार नाव हवं, असं कचेरीतला कारकून म्हणाला. मी माझं लिहिलं आणि अर्जी देऊन आले.