डेव्ह साहेब रेषेपलीकडे गेले

"डेव्ह साहेब मॅच खेळणार आहेत, बाई. त्यांना लागलं नाही पाहिजे," चौधरी साहेबांनी मला केबिनमध्ये बोलावून सांगितलं.

"कबड्डी खेळायची आन् लागायचं नाही? मग कॅरम ठेवा ना, साहेब!"

ते हसले नाहीत. चौधरी साहेब हिंगण्याच्या आमच्या कारखान्याचे वर्क्स मॅनेजर, आणि मॅनेजर लोकांना हसायला वेळ कुठून असणार? मी टाइम ऑफिसात होते. कोण वेळेवर आलं, कोण उशिरा, ते बघणारी. पण त्या वर्षी विश्वकर्मा पूजेच्या दिवशीच्या कबड्डी मॅचची शिट्टी पहिल्यांदाच माझ्या गळ्यात पडली होती. फिटिंग खातं विरुद्ध पॅकिंग खातं. नियम मला कोणी शिकवले नाहीत. मोहल्ल्यातल्या मैदानाच्या कडेला उभी राहून, पोरांची भांडणं ऐकून ऐकून शिकले, मग पंचाची परीक्षाही दिली. तरी पॅकिंगवाले म्हणतच होते, "बाईची शिट्टी कोण ऐकते गा?" एक निकाल वाकडा गेला असता, तर ती शिट्टी पुन्हा माझ्या हाती आली नसती. पुरुषांच्या मॅचला बाई पंच, हे तेव्हा कोणाच्या पचनी पडत नव्हतं.

आता हे डेव्ह साहेब कोण? तर अमेरिकेहून आलेलं मशीन बसवून द्यायला आलेला माणूस. खांदे असे, की माझ्या ऑफिसच्या दारातून तिरपा होऊन आत यायचा. मशीनच्या धंद्यात तो नंतर आला. त्याआधी पगारी खेळाडू होता. तिकडच्या फुटबॉलमध्ये 'रनिंग बॅक' म्हणून एक जागा असते, ती त्याची नोकरी. म्हणजे काय, ते त्यानं कॅन्टीनमध्ये एक पपई काखेत मारून दाखवलं. त्यांचा चेंडू म्हणे तसाच लांबुळका. तो घ्यायचा आणि समोरच्या गर्दीत घुसायचं. लोक कंबर धरतील, पाय धरतील, तरी पुढे जायचं. मैदानाच्या शेवटच्या रेषेपलीकडे पोचलं की जिंकल्यासारखं.

"हातात धरून पळते, तं त्याले फुटबॉल काहून म्हणते?" फिटिंगचा कॅप्टन मेश्राम यानं विचारलं.

चौधरी साहेबांनी प्रश्न इंग्रजीत केला. डेव्ह साहेबानं पपई उलटसुलट फिरवून बघितली. एवढ्या वर्षांच्या नोकरीत हे त्याला कोणी विचारलंच नव्हतं. नंतर त्यानं पँट वर करून गुडघ्यावरच्या टाक्यांच्या खुणा दाखवल्या. गुडघा गेला, नोकरी गेली. तिकडे म्हणे तिशी आली की रनिंग बॅक म्हातारा!

मेश्रामचं मात्र डोकं भलतीकडेच धावलं. "बाई, याले पकडाले आख्खी टीम धावत होती, आन् याले त्याचा पगार भेटत होता! याले चढाईले पाठवतो. पॅकिंगवाले उडून जाते पहा."

नियम समजावून द्यायला मला बोलावलं. मी म्हटलं, दोन्ही खात्यांसमोर सांगीन, मागून कटकट नको. डेव्ह साहेब शहाणा विद्यार्थी. "गो, टच, कम बॅक," असं पाठ म्हणून दाखवायचा. दम तर बैलाचा. कबड्डी कबड्डी म्हणत दोन फेऱ्या मारील.

पण फिटिंगच्या सरावात त्याला कोणी धरेचना. तो आला की पोरं बाजूला व्हायची, शिवला की हसून बाहेर बसायची. एकानं तर टाळ्याही वाजवल्या.

"धरा ना गा त्याले!" मी ओरडले.

"चौधरी साहेब खिडकीतून पाहून राहिले, बाई," मेश्राम हळूच म्हणाला. "मले नोकरी करायची हाय."

पॅकिंगवाल्यांना सांगायचं मात्र चौधरी साहेब विसरले.

मॅच रंगली. शेवटी गुण बरोबरीत, आणि मेश्रामनं डेव्ह साहेबाला चढाईला पाठवलं. तो गेला, एकाला शिवला, वळला. तेवढ्यात पॅकिंगच्या तिघांनी त्याला धरलं. खरोखरचं धरलं. एक घोट्याला, एक कंबरेला, एक मानेला. मध्यरेषा त्याच्यासमोर हातभर. नुसता पुढे आडवा झाला असता आणि बोटं टेकवली असती, तरी तिघेही बाद!

पण अंगावर माणसं पडली आणि त्याची जुनी नोकरी जागी झाली. गर्रकन उलटा फिरला, मान खाली घातली, अन् निघाला ना उलट्या दिशेला! तिघांना ओढत, आणि तोंडानं कबड्डी अगदी बिनचूक चालू. एक गळला, दुसरा गळला. तिसऱ्यानं हाफपँट धरली होती, लाजेखातर त्यानं सोडली. डेव्ह साहेब एकटा शेवटच्या रेषेपलीकडे गेला, दोन्ही हात वर केले आणि नाचायला लागला. बँडवाल्यांना वाटलं जिंकले. त्यांनीही वाजवायला सुरुवात केली. चौधरी साहेब खुर्चीवरून उठून टाळ्या पिटत होते.

मी शिट्टी फुंकली. "बाद! पॅकिंगला एक गुण."

बँड थांबला. चौधरी साहेब माझ्याकडे आले. "बाई, पाहुणे आहेत ते."

"पाहुणे रेषेच्या बाहेर आहेत, साहेब."

"अहो, तिघांना ओढून नेलं त्यांनी!"

"नेलं. घरी नाही आणलं."

"विचार करा वं बाई," मेश्राम काकुळतीला आला. समोर पॅकिंगवाले उभे. बाई आता काय करते, तेच ते बघत होते. साहेब माझे, पगार त्यांच्या सहीचा. पण मी पुन्हा तेच म्हटलं, "बाद."

डेव्ह साहेब धापा टाकत आला. मी त्याला मध्यरेषा दाखवली. "होम," म्हटलं. त्यानं मध्यरेषेकडे बघितलं, मागच्या रेषेकडे बघितलं आणि कपाळावर हात मारून खो खो हसला. चौधरी साहेबांना काहीतरी म्हणाला आणि मुकाट्यानं बाद झालेल्यांच्या रांगेत जाऊन बसला.

"काय म्हणाले?" मी विचारलं.

चौधरी साहेबांनी घाम पुसला. "म्हणतात, सगळ्या नोकरीत मला परत ये असं कोणी म्हटलंच नाही."

फिटिंग त्या एका गुणानं हरलं. पॅकिंगचा कॅप्टन पाणी पिता पिता आपल्या पोरांना म्हणाला, "बाईनं गोऱ्यालेही सोडलं नाही, तं आपल्याले काय सोडन?" त्यानंतर मी रिटायर होईपर्यंत शिट्टी माझ्याकडेच राहिली. चौधरी साहेब काही दिवस माझ्याशी फक्त कामापुरतं बोलले. मशीन ठरल्या वेळी सुरू झालं. आणि डेव्ह साहेब दुसऱ्याच दिवसापासून रोज संध्याकाळी मेश्रामला म्हणायला लागला, मला खरं धरा. धरलंही पोरांनी. आठवडाभर फिटिंग खातं लंगडत होतं.

मी यातून एवढंच शिकले. पाहुण्याचा मान जेवणाच्या पाटावर राखावा, सरावात राखू नये. ज्याला सरावात कोणी धरलं नाही, तो धरल्यावर जुन्या नोकरीकडेच पळतो.