घासून चकचकीत केलेलं आवरण

वैजयंतीताईंच्या सेवापुस्तिकेत एकतीस वर्षांत एकच वाईट ओळ आहे आणि ती धादांत खोटी आहे. हे मी छातीठोकपणे सांगतो, कारण ती ओळ मीच टाईप केली.

आमचं ऑफिस दिल्लीत, केंद्र सरकारचं, हवेचा अभ्यास करणारं. मी खंडेराव, प्रशासन विभागात. किल्ल्या, साफसफाई, टायपिंग, पडेल ते काम माझं. ताई गच्चीवरच्या मायक्रोवेव्ह रेडिओमीटरच्या तंत्रज्ञ. मूळच्या साताऱ्याच्या, राहायला गाझियाबादेत. मायक्रोवेव्ह म्हटलं की कँटीनमधले लोक त्यांना चिडवायचे, "मॅडम, मेरा डब्बा भी गरम कर दो." ताई भडकायच्या. ती पेटी काही तापवत नाही, आकाशात काही सोडतही नाही. हवेतल्या वाफेतून, ढगातल्या पाण्यातून सतत अगदी क्षीण लहरी निघत असतात, त्या ती नुसत्या टिपते. त्यावरून वर दहा किलोमीटरपर्यंत कुठे किती ओल आणि किती ऊब, ते कळतं. हिवाळ्यात धुक्याचा अंदाज बांधणारी मंडळी या आकड्यांची वाट बघत बसलेली असतात. म्हणून ताई डिसेंबरच्या थंडीतही सकाळी सातला गच्चीवर हजर. साडेदहाला येऊन चहा मागणाऱ्या आमच्या ऑफिसात त्यांना 'पागल' म्हणायचे. मीही म्हणायचो.

गेल्या डिसेंबरात इन्स्पेक्शन निघालं. मंत्रालयातून मोठे अधिकारी येणार होते. आमच्या संचालकसाहेबांचं एकच पालुपद, "सब चमकना चाहिए." आपल्याकडे इन्स्पेक्शन म्हणजे काम बघणं नव्हेच, फरशी बघणं. कुंड्या रंगवल्या, जिन्यातले पानाचे डाग खरवडले. रविवारी ताईंना सुट्टी. मी दोन सफाईवाल्यांना घेऊन गच्चीवर गेलो. रेडिओमीटरचं पांढरं आवरण धुरकट दिसत होतं. म्हटलं, "इसको भी रगडो." भांड्यांची हिरवी घासणी आणि पावडर घेऊन त्यांनी ते असं घासलं की बास. साहेबांनी पाठ थोपटली. मी खूश.

सोमवारपासून ती पेटी वेड्यासारखी वागायला लागली. दुपारी आकडे ठीक, पण सकाळी निरभ्र आकाशातही डोक्यावर ढगभर पाणी आहे म्हणून सांगायची. ताईंनी वायरी तपासल्या, पंखा तपासला. भयंकर थंड असा द्रव नायट्रोजन आणवून पेटीची सगळी मापं नव्याने लावली, त्यात दोन बोटं पोळून घेतली. अकरा सकाळी वाया गेल्या. अंदाज बांधणाऱ्यांची लेखी तक्रार आली. बाराव्या सकाळी ताईंना दिसलं, आवरणावर दव पडलंय, पण त्याचे थेंब होत नाहीत. त्या आवरणावर एक खास लेप असतो. अळूच्या पानावरून ओघळावं तसं पाणी त्यावरून ओघळून जातं. तो लेपच घासला गेला होता. आता दव पसरून बसत होतं आणि पेटी त्या दवालाच आभाळातलं पाणी समजत होती.

ताई तरातरा खाली आल्या. "कुणी घासलं?" अख्ख्या हॉलला ऐकू गेलं. मी फायलीत तोंड घातलं.

साहेबांना ठाऊक होतं, हुकूम कुणाचा आणि घासून कुणी घेतलं ते. पण तक्रार आली म्हणजे कुणाचं तरी नाव हवं. ताईंना मेमो गेला: उपकरणाच्या देखभालीत हलगर्जी. हलगर्जी! जी बाई थंडीत सातला गच्चीवर उभी असते तिची! ताईंनी मेमो स्वीकारायला साफ नकार दिला. साहेब म्हणाले, "साफ करना कब से गुनाह हो गया? देखना तो आपका काम था."

आणि पुढचा नियम ऐका, संताप येईल. नवीन आवरण मागवायचं, तर नुकसानीची जबाबदारी आधी निश्चित हवी. ती होत नाही तोवर खरेदीची फाईल हलणार नाही. ताई सही करत नव्हत्या, फाईल हलत नव्हती, आणि धुक्याचे दिवस मात्र चालले होते. रोज सकाळी खोटे आकडे येत, रोज ताई ते खोडत.

जानेवारीच्या पहिल्या आठवड्यात त्या माझ्या टेबलाशी आल्या. "टाईप करा खंडेराव. जबाबदारी माझी, मला मान्य आहे."

"ताई, नका सही करू," मी म्हणालो. "मार्चमध्ये तुम्ही रिटायर होताय."

"मग कुणाचं नाव घालू? तुमच्याकडे आहे का एखादं?"

त्या उभ्या राहिल्या. चांगल्या दोन मिनिटं उभ्या राहिल्या. मी कागद सरळ करत बसलो, मग टाईप केलं. त्यांनी सही केली. नऊ दिवसांत आवरण आलं.

मार्चमध्ये निरोप समारंभ झाला. साहेब गहिवरून बोलले, "वैजयंतीजी ने अपनी गलती खुद मानी. ऐसे लोग आजकल कहाँ मिलते हैं?" टाळ्या पडल्या. माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. साहेबांची चीड आलीच, पण त्याहून जास्त माझी स्वतःची. मी उभा राहिलो. "सर, कव्हर मैंने घिसवाया था. आपके कहने पर."

साहेब हसले. "अरे यार, आज के दिन ये सब क्यों? चलो चलो, समोसे ठंडे हो रहे हैं." आणि लोक खरंच उठले हो, समोशांकडे गेले!

मी ताईंसमोर जाऊन उभा राहिलो. माफी मागायची होती.

"मला ठाऊक होतं," त्या म्हणाल्या. "हॉलमध्ये विचारलं ना, त्याच दिवशी सफाईवाल्यांनी सांगितलं होतं. टायपिंग काय, मलाही येतं, खंडेराव. तरी कागद घेऊन तुमच्याच टेबलाशी आले होते ना मी?"