पयोष्णी हाजिर आहे का?

खुशालराव अकोल्याच्या कोर्टात पट्टेवाले होते. काम काय, तर दारात उभं राहून नावं पुकारायची. आता तुम्ही म्हणाल, त्यात काय मोठं! एकदा उभे राहून पाहा मग. व्हरांड्यात ही गर्दी, काळे कोट इकडून तिकडे धावून राहिले, चहावाला वेगळाच बोंबलतो, आणि या सगळ्यावरून आवाज काढायचा : अमुक अमुक हाजिर आहे का? खुशालरावांची हाक गेली की झाडाखाली पेंगणारा पक्षकार धडपडत उठायचा. कसलंही नाव असो, तेलंगी असो की पंजाबी असो, मुसलमानांची लांबलचक नावं असोत, या माणसाची जीभ कधी अडखळली नाही. एकच नाव त्यांनी म्हातारे होईस्तोवर घेतलं नाही, ते म्हणजे स्वतःच्या बायकोचं. माहेरचं.

ते नाव होतं पयोष्णी.

चांदूर बाजार तालुक्यात, पूर्णेच्या काठी एका खेड्यात उद्धव गुरुजी शाळा चालवायचे. ही त्यांची लेक. आपल्या पूर्णेचं पोथ्यांमधलं जुनं नाव पयोष्णी, असं गुरुजी सांगत. कुणी म्हणायचं, छे, ते तर तापीचं नाव. गुरुजी असे भडकायचे! "तापीवाल्यानं तापी घ्यावी, आमची नदी आमाले ठेवावी!" पय म्हणजे पाणी, आणि दूधसुद्धा. उष्ण म्हणजे ऊन. पोरगी जन्मली पौषातल्या पहाटे. गुरुजी तेव्हा नदीवर आंघोळीला गेलेले. काठावर दात वाजून राहिले होते, आणि पाण्यात पाय घातला तर पाणी कोमट. थंडीत नदीचं असतंच तसं. तिथंच कुणी धावत सांगायला आलं, लेक झाली म्हणून. गुरुजींनी ओल्या अंगानं नाव ठरवून टाकलं. बारशाला आत्याबाईनं कानात कुर्र केलं खरं, पण नाव सांगताना तिची अशी फजिती झाली की शेवटी गुरुजींनाच पाळण्यावर वाकावं लागलं.

गावात तिला कुणी पयी म्हणे, कुणी पयू. पुरं नाव घेणारी मैत्रीण एकच, शेजारच्या बांगडीवाल्यांची अकीला. गुरुजींच्या शाळेत होती ना! अर्धं नाव घेतलं तर गुरुजी कान पिळत.

मग लग्न ठरलं. खुशालरावांच्या आईनं पत्रिका वाचली अन् कपाळावर हात मारला. "हे काय नाव होय वं माय! हाक मारता मारता भाकर करपून जाईन." घरात संध्या ठरलं. लक्ष्मीपूजनाच्या वेळी ताटात तांदूळ पसरले, खुशालरावांनी अंगठीनं त्यात 'संध्या' लिहिलं, साखर वाटली, झालं. नवरीला कुणी विचारलं नाही. विचारायची रीतच नव्हती, आणि खरं सांगायचं तर कुणाच्या ते डोक्यातही आलं नाही. दिवसभर लोकांची वेडीवाकडी नावं घेऊन आलेल्या माणसाला घरी सोपं नाव बरं वाटलं. "संध्या!" म्हटलं की आतून "जी" यायचंच.

बाई मोठी झकास. साड्यांना फॉल लावून तिनं पोराचं शिक्षण केलं. दूधवाल्याशी भांडावं तर तिनंच, आणि त्याच्या पोरीच्या लग्नात सगळ्यात पुढे बसावं तेही तिनंच. खोड म्हणाल तर एकच. थंडी पडली की नळाच्या बादलीत बोटं घालायची अन् म्हणायची, "नाई. हे थे नोय." खुशालरावांना वाटे, पाणी खारं आहे म्हणून म्हणते. ते म्हणत, "अवं, अकोल्याचं पानी आसंच राहते." ती बोटं पदराला पुसायची.

आणि मग तिचं विसरणं सुरू झालं. आधी मुलाचं नाव गेलं, मग सून दामिनीचं गेलं. आणि एक दिवस "संध्या" म्हटलं तर मानच वळेना. डॉक्टर म्हणाले, आजारच असा आहे, याला औषध नाही. तेही सोसलं असतं हो, पण तिनं जेवण सोडलं. घास ओठाशी नेला की ओठ गच्च. पदर ढळला तरी भान नाही, पण ओठ तेवढे घट्ट! डॉक्टरांनी स्पष्टच सांगितलं, अशीच उपाशी राहिली तर नाकातून नळी घालावी लागेल.

खुशालराव ताट घेऊन समोर बसायचे. "संध्या." भिंतीकडे नजर. "संध्या, वरन-भात हाय, तूप टाकलं." भिंतीकडेच. "संध्या!" कोर्टात तीनदा पुकारूनही कुणी आलं नाही, तर साहेब मान खाली घालून 'गैरहजर' लिहायचे आणि पुढची केस घ्यायचे. इथं पुढची केस कुठून आणणार? भात गार व्हायचा. म्हातारा ताट उचलून आत न्यायचा आणि दामिनीकडे न पाहता ओट्यावर ठेवायचा.

कुठून तरी कानावर गेलं आणि अंजनगाव सुर्जीहून अकीला आली. तीही आता म्हातारी, गुडघे धरत धरत पायऱ्या चढली. पलंगावर टेकली आणि एकदम खेकसली, "काय वं पयोष्णी! भाकर नाई खात म्हने तू?"

मान वळली. अहो, खरंच वळली! डोळ्यांत ओळख आली. "अक्के? कवा आली वं?" आणि अकीलाच्या हातून अर्धी भाकर दुधात कुस्करून खाल्ली. दामिनी दाराआड रडली. खुशालरावांना आनंद झाला, पण मनात आलंच : जिच्यापुढे रोज ताट घेऊन बसलो, ती आपली नाही, दुसऱ्याची हाक ऐकते!

जाताना अकीला म्हणाली, "भाऊजी, पुऱ्या नावानं बोलवजा. लाजू नोका."

पण जीभ वळायला पाहिजे ना! खुशालराव परसात गेले, मोसंबीच्या झाडाला तोंड करून उभे राहिले. पयो... पयोष... कोर्ट गाजवणारा गडी घामाघूम झाला. घेता घेता एकदाचं ते नाव तोंडात बसलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी दूध-भाकर घेऊन ते पलंगाशी गेले. "पयोष्णी."

"जी?"

कितीतरी दिवसांनी आलेला तो "जी"! खुशालरावांनी घास पुढे केला. पण ती पदर सावरून ताठ बसली, अनोळखी पुरुषासमोर पोरीबाळी बसतात तशी. "तुमी कोन होय जी? बाबा नदीवर गेले. बसा जराक, येतीनच."

"मी... खुशाल."

"कोन्या गावचे?"

"अकोल्याचा."

तिचा चेहरा उतरला. दाराकडे पाहून ती हळूच म्हणाली, "मले अकोल्याचं स्थळ येऊन राहिलं. मानसं चांगले हायेत म्हनते बाबा. पन थे लोक नाव बदलवते म्हने." मग जरा पुढे सरकली. "तुमी तिकडचेच, तं सांगसान त्याइले? बाकी सारं करीन मी. माहं नाव नोका बदलवू म्हना."

खुशालरावांच्या बोटांतून दूध गळून राहिलं होतं.

"सांगतो," ते म्हणाले.

"नक्की?"

"नक्की, बाई."

तेव्हा तिनं तोंड उघडलं.

आता ती जेवते. नळीची गोष्ट डॉक्टर काढत नाहीत. खुशालराव रोज पाहुणे होऊन जातात, रोज आपलं गाव सांगतात, रोज कबूल करतात. काल रिकामं ताट घेऊन आत आले आणि मोरीपाशी उभे राहून रडायला लागले. दामिनी घाबरली. "बाबा, काहून रडून राहिले? आई जेवल्या ना?"

"जेवली. पन दामिनी, संध्या म्हनलं तं ती ओ देत नाई. पयोष्णी म्हनलं तं मले वळखत नाई. आता मी माह्या बायकोले बोलवू कसं, सांग!"

दामिनीनं ताट त्यांच्या हातातून घेतलं.

तेवढ्यात आतून आवाज आला. "ओ अकोल्याचे! गेले का जी? त्याइले सांगतलं का?"

खुशालरावांनी डोळे पुसले आणि दारात गेले.

"सांगतलं," ते म्हणाले. "मानले थे. नाई बदलवत."